पहिलं घर रिकामं

कॉटनवुड, ओक्लाहोमा
४ मार्च १९८६

ती. यूला आत्यास,
ग्लेंडाचा शि. सा. न. वि. वि.

जबड्याची तार काल काढली. आता बिस्किट-ग्रेव्ही खाता येते, पण चावताना डावीकडे कटकन वाजतं. डेल एकवीस तारखेला तुरुंगातून सुटतो. नवरा म्हणून त्याचं नाव कागदावरून खोडून झालं, तरी त्याने शेजारणीकडे निरोप धाडलाय की अर्धवट राहिलेलं काम पुरं करणार. तो बोलतो तसं करतो. माझ्या कुत्रीचं डोकं त्याने सांगून फावड्याने फोडलं होतं.

म्हणून लॉनीच्या दुकानात पिस्तूल बघायला गेले. गळाला लावायच्या अळ्या आणि बंदुका एकाच काउंटरवर. त्याने तळहातात मावेल एवढं, मोत्याच्या मुठीचं पिस्तूल पुढे केलं. म्हणाला, बायकांना हेच शोभतं, पर्समध्ये लिपस्टिकशेजारी बसतं. मला आवडलंही. पण मी जन्मात चाप ओढलेला नाही. तू तुरुंगात बायकांवर पहारा केलास, मक्याच्या यंत्रात दोन बोटं जाऊनही चर्चच्या नेमबाजीत दरवर्षी बक्षिसाची टर्की जिंकतेस. तूच सांग, पहिलं कोणतं घेऊ? आत्या, मला फार भीती वाटते.

लोभ आहेच, तो लवकर टपालात टाक.
तुझी ग्लेंडा


बेथेल, ८ मार्च

चि. ग्लेंडास,
अ. उ. आ.

लॉनीला म्हणावं, शोभेसाठी बायका कानात डूल घालतात. लहान पिस्तूल हातात मासोळीसारखं उसळतं, नवशिकीचा नेम लागत नाही. नवख्या माणसाने जड घ्यावं, मूठ भरून पकडता येईल असं. ते मोत्याचं खेळणं घेऊ नकोस. पुन्हा लिहिते, घेऊ नकोस.

माझं रिव्हॉल्व्हर पाद्रीबुवांच्या हाती पाठवलंय, मी भाजलेल्या गोड पेकन-पायच्या खोक्यात तळाशी. बुवांना काही माहीत नाही. पेकन-पाय अख्खा पोचला का ते कळव.

रोज कुंपणावर डबे ठेवून सराव कर. चक्रात सहा घरं आहेत, गोळ्या पाचच भरायच्या. चाप ओढल्यावर पहिलं येणारं घर रिकामं ठेवायचं. म्हणजे तू दोनदा ओढायचंस: आधी खट्ट, मग गोळी. का, ते विचारू नकोस. लॉनीला तर मुळीच विचारू नकोस.

यंत्रातून वाचलेल्या तीन बोटांचे आशीर्वाद.
यूला आत्या


कॉटनवुड, २५ मार्च

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

मी जिवंत आहे, हे आधी. उजवं मनगट मोडलंय, म्हणून हे अक्षर डाव्या हाताचं.

मी लॉनीला विचारलंच. तो म्हणाला, तुझ्या आत्याला सहापर्यंत मोजता येत नाही का? मारेकरी दारात उभा असताना खट्ट करून त्याला हसवणार आहेस? मला पटलं. एकवीसला सकाळी मी सहावी गोळी भरली. मग तुझा राग आठवला आणि काढून ठेवली.

डेल दुपारी आला, स्वयंपाकघराचं दार लाथेने उखडून. मी बंदूक रोखली. डब्यांवर रोज दोनदा ओढत होते, पण हा डबा नव्हता गं, सहा वर्षं ज्याला जेवायला वाढलं तो होता. बोट हललंच नाही. तो हसत म्हणाला, ग्लेंडे, तुझ्याने कोंबडी तरी मरते का? मग मनगट पिरगाळून मोडलं, बंदूक हिसकावली, माझ्या कपाळाला टेकवली आणि चाप ओढला.

खट्ट.

तो बावळटासारखा बंदुकीकडे बघत राहिला. खिळ्यावरचा बिडाचा तवा मी डाव्या हाताने काढला आणि त्याच्या तोंडावर हाणला. दात फरशीवर सांडलेले ऐकू आले. बंदूक पडली, मी उचलली आणि या वेळी एकदाच ओढलं. त्याच्या गुडघ्याची वाटी फुटली. रक्त पार फ्रिजखाली गेलं. तो गुरासारखा ओरडत होता आणि मला उरलेल्या चारही झाडायच्या होत्या. शेजारणीने बोलावलेला शेरीफ पोचला नसता तर झाडल्या असत्या. आत्या, मी वाईट बाई झाले का? आणि तो बंदूक हिसकावणार हे तुला कसं ठाऊक?

जीव राहिला, लोभही राहू दे.
ग्लेंडा


बेथेल, २९ मार्च

चि. ग्लेंडास,
अ. उ. आ.

वाईट झाली नाहीस. मेली नाहीस, एवढंच झालं. चार गोळ्या उरल्या याचं मला बरं वाटलं आणि थोडं वाईटही वाटलं.

आता कसं ठाऊक ते ऐक. आपल्याकडे मक्याचं यंत्र कधीच नव्हतं. आपण कापसाची माणसं, हे तुझ्या लक्षात यायला हवं होतं. बावन्न साली मी नवऱ्याच्या माराला भिऊन पहिलं पिस्तूल घेतलं. मोत्याच्या मुठीचं. दुकानदार म्हणाला होता, शोभतं. आणि नवरा म्हणजे हो, तोच हॉलिस काका, जो तुला गोळ्या-चॉकलेटं द्यायचा. तो अंगावर आला तेव्हा माझंही बोट हललं नाही. त्याने ते माझ्या हातातून अलगद काढून घेतलं. मी तोंडापुढे हात धरला. पहिल्याच ओढीला गोळी सुटली.

पुढे तुरुंगात पहाऱ्यावर वीस वर्षं आपल्यासारख्याच बायका पाहिल्या. ज्याला जेवू घातलं त्याच्यावर पहिला चाप आपल्याने ओढवत नाही, तो तोच ओढतो. म्हणून पहिलं घर त्याचं, आणि ते रिकामं. तुला आधी सांगायचं तर बोटांचं सांगावं लागलं असतं. नवऱ्याने उडवली म्हणण्यापेक्षा यंत्राने खाल्ली म्हणणं सोपं होतं. चौतीस वर्षं मी लाजत राहिले, आणि त्यापायी तुला नुसता हुकूम लिहिला. तू ती सहावी गोळी काढली नसतीस तर? या विचाराने परवापासून अन्न गोड लागत नाही. मला माफ कर.

मनगट सांधलं की ये. तुझी स्वतःची जड बंदूक दोघी मिळून निवडू. आणि पेकन-पाय अख्खा पोचला का, ते तू अजून कळवलं नाहीस.

हॉलिसच्या गोळीतून वाचलेल्या तीन बोटांचे आशीर्वाद.
यूला आत्या