लाल कापडातला तिसरा भाग

१२ ऑगस्ट १९९१, सोमवार. रोहा

‘क्षारपुराणा’चा तिसरा भाग छापून, बांधून तयार झाला होता. पेणच्या छापखान्याच्या वामनरावांनी आज समोर बसून खात्रीने सांगितलं. म्हणजे मी जुळवतोय त्या शालिनीबाईंच्या प्रकाशित ग्रंथांच्या सूचीत त्याला जागा आहे. प्रत मात्र एकही नाही.

कुठे गेल्या विचारलं, तर वामनरावांनी खिडकीबाहेर बोट दाखवलं. समोर गणपतीचा कारखाना. “बाई तेव्हा मुंबईला हॉस्पिटलात. त्यांच्या थोड्या प्रती घरी पोचवल्या, बाकीचे गठ्ठे न्यायला कोणी आलंच नाही. पुढे छापखाना या जागेत हलवला, तेव्हा सगळी रद्दी लगद्याला दिली.” लगदा म्हणजे कागदी गणपतींचा. एक अख्खी कादंबरी मूर्ती होऊन घरोघर बसली, आरत्या घेतल्या, आणि पाण्यात गेली. वामनराव पडेल चेहऱ्याने सांगत होते. मला हसू आवरेना, ते बरं दिसलं नाही.

परतताना गाडी निडी स्टेशनात बराच वेळ उभी. सूची पुन्हा जुळवली. संशोधनाची बाजू पक्की: ‘शिलालेखांतील शापवचने’, ‘यादवकालीन मराठीतील समुद्र’, दोन्ही मिळाली. अद्भुत कादंबऱ्यांची बाजू: ‘क्षारपुराण’ एक, दोन, चार. मध्ये भोक.

१३ ऑगस्ट

बाईंना सांगितलं. कुंडलिका नदीकडच्या ओसरीवर बसल्या होत्या, भिंगातून पेपर वाचत. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, ऑपरेशन दिवाळीनंतर.

लगद्याचं ऐकून भिंग खाली ठेवलं. मग म्हणाल्या, “एवढे नमस्कार मला एरवी कुठे मिळायला.” बस्स. पुढे रागाचा शब्द नाही. त्यांच्या स्वतःच्या प्रती आणि हस्तलिखित मागच्या पुराचं पाणी घरात शिरलं तेव्हाच गेलं होतं, म्हणून तर वामनरावांवर भिस्त होती.

पुण्याच्या प्रकाशकांचं पत्र वाचून दाखवलं. समग्र वाङ्मय दिवाळीला. तिसऱ्या भागाचा मजकूर ऑगस्टअखेर आला नाही, तर चौथा थेट दुसऱ्याला जोडणार.

“मग कादंबऱ्या छापूच नका म्हणावं. नुसतं संशोधन छापा.”

हे शांतपणे म्हणाल्या, पण मोठी गोष्ट आहे. बाईंना ओळखणारे निम्मे लोक त्यांना शापवचनांमुळे ओळखतात, उरलेले लवणामुळे. लवणा, ‘क्षारपुराणा’ची नायिका, समुद्राच्या पोटची आणि शेतकऱ्याने वाढवलेली. ती सूचीतून गेली तर बाई अर्ध्याच उरतात. त्यांना ते माहीत आहे.

निघताना विचारलं, तिसऱ्याचा शेवट नक्की काय होता? खरं तर हे गेली कित्येक वर्षं विचारायचं होतं. लवणा बांधाची सातवी उघाडी, म्हणजे पाण्याचं दार, उघडून खारं पाणी बापाच्या शेतात घेते, की दार बंद ठेवून आईला, समुद्राला, बाहेरच ठेवते? चौथ्या भागात ती म्हातारी झालेली आहे आणि त्याबद्दल अवाक्षर बोलत नाही.

बाई म्हणाल्या, “दोन्ही लिहिले होते. एक प्रुफावर खोडला. अंगात ताप होता, दुसऱ्या दिवशी ॲडमिट केलं. कोणता खोडला ते मलाच आठवत नाही.”

१७ ऑगस्ट, शनिवार

वामनरावांचा निरोप आला, परत पेण. त्यांचा जुना बाइंडर वारला, पण बायको हिराबाई समोरच्याच कारखान्यात आहे. चतुर्थी जवळ, पाय ठेवायला जागा नाही. हिराबाई एका मोठ्या मूर्तीच्या सोंडेवर पॉलिश पेपर घासत होत्या. हात थांबला नाही.

“लाल कपरा उरला होता पोथ्यांचा. यांनी त्यातच बांधली ती बुकं. मला वाटलं पोथीच हाय. एक उचलली नि बापाला नेऊन दिली.”

“आहे अजून?”

“हाय म्हंजे? दर श्रावनात लावतात. आता बी चालू आसंल.”

चहा न घेताच निघालो होतो. वामनरावांनी परत बोलावून पाजला.

२० ऑगस्ट, मंगळवार

हिराबाईंचं माहेर. धरमतर खाडीच्या काठी, एका बाजूला मिठागरं, दुसऱ्या बाजूला भात, मध्ये खाडीचं पाणी अडवणारा खारबांध. वडील आता नाहीत. पोथी भाऊ पांडुरंगबुवांकडे आली. बुवा मिठागरावर मुकादम होते; आता श्रावणात पोथीचा अर्थ सांगतात.

पुस्तक पाहिलं. पाटावर, लाल बांधणी, वर हळदकुंकवाची पुटं, झेंडूचं फूल. सून सुनंदा वाचते, बुवा थांबवून अर्थ सांगतात, बायकामाणसं ऐकतात. रोज एक अध्याय. बाईंनी कादंबरीला अध्याय घातले, सुरुवातीला समुद्राला नमन घातलं, जुन्या वळणाची भाषा वापरली. गंमत म्हणून. इथे त्या गमतीला उदबत्ती लावलेली.

आजचा अध्याय: राजा बांध पाहायला येतो आणि काही न करता जातो. बुवा म्हणाले, “ह्यो राजा म्हंजे आपला बांध बगायला येनारा सायब. पायाला चिखल लागू नको म्हनून गारीतनंच बगतो.” हशा. एक म्हातारी म्हणाली, “आन् च्या पिऊन जातो, ते सांग.” बुवा म्हणाले, “ते पोथीत नाय, पन सांगतो.” तेही सांगितलं.

वाचन संपल्यावर मी पुस्तक मागितलं. झेरॉक्स काढून दुसऱ्या दिवशी परत देतो म्हणालो.

“लागलेली पोथी घराभाईर जात नाय.”

“मग इथेच बसून उतरवून घेतो.”

“घ्या की. झालेलं सगलं घ्या. फुडचं नाय. शेवटला अध्याय तर समाप्तीलाच उघरायचा.”

शेवटची पानं खरोखर दोऱ्याने बांधून ठेवलेली होती. समाप्ती कधी? गोपाळकाल्याला. म्हणजे ३ सप्टेंबर. प्रकाशकांची तारीख उलटून.

शेवट काय आहे, एवढं तरी विचारलं. बुवांनी क्षणभरही विचार केला नाही. “सातवी उघारी ती लावून घेते. बंद. पानी भाईर. दुसरं काय करंल?”

सुनंदा मला बांधापर्यंत सोडायला आली. मध्येच म्हणाली, “मामांजी अर्थ तसाच सांगतात. वाचताना मला येगलंच वाटतं.”

“काय लिहिलंय?”

“समाप्तीच्या आदी तोंडातनं काढायचं नसतं.”

बांध एका जागी नव्या मातीचा. काही वर्षांपूर्वी उधाणात तिथूनच फुटला, आणि दोन पावसाळे भात पिकलं नाही. त्यानंतरच पोथी नेमाने लागू लागली, म्हणाली.

२१ ऑगस्ट

बाईंना सगळं सांगितलं. आपल्या पुस्तकाची पूजा होते याचं त्यांना विशेष वाटलं नाही. साहेबाची गोष्ट मात्र दोनदा सांगायला लावली. “चहा माझ्या लक्षात यायला हवा होता.”

मग विचारलं, “त्यांना माहीत आहे का कोणी लिहिलंय?”

पहिल्या पानावर नाव आहे, पण कोणी काही बोललं नाही.

“मग आपणही सांगायचं नाही. मी आयुष्यभर दगडांवरचे लेख वाचले. दगडाला शेंदूर लागला की गाव तो वाचत नाही, पण जपतं. शेंदूर खरवडणारे आम्ही. हा एक राहू दे.”

मी म्हटलं, राहू दे, पण मजकूर?

“मजकूर हवाच,” म्हणाल्या. दोन्ही हवं आहे. माझं काम सोपं नाही.

संध्याकाळी एसटीडी बूथवरून पुणे. प्रकाशक मुदत वाढवायला आधी नाहीच म्हणाले. लगद्याची आणि पोथीची गोष्ट सांगितली. मग: “प्रस्तावनेत हे सगळं येणार असेल तर ५ सप्टेंबर, गुरुवार सकाळ. त्यापुढे मशीन थांबणार नाही.” प्रस्तावना माझीच. आयुष्यभर मुदती पाळल्या, ही पहिली जी दुसऱ्याच्या घरातल्या दोऱ्यावर अडलेली.

२५ ऑगस्ट, रविवार. नारळी पौर्णिमा

बाई हट्टाने पोथीला आल्या. ‘रोह्याच्या बाई, श्रवणाला आल्यात’ एवढीच ओळख द्यायची ठरली होती. नारळ खाडीत सोडून मंडळी बुवांच्या घरी आली, वाचन सुरू व्हायचं होतं. साहेबाला चहा पाजणारी ती म्हातारी बाईंजवळ सरकली.

“कोनाची गो तू?”

बाईंनी वडिलांचं नाव सांगितलं, गाव सांगितलं. खाडीच्या पलीकडचं. मला हे माहीतच नव्हतं. इतकी वर्षं ओळख, आणि मी त्यांना मुंबईच्या समजत होतो.

बुवांनी पुस्तकाचं पहिलं पान उघडलं. नावावर बोट ठेवलं, मग बाईंकडे पाहिलं. “ही शालिनी पलीकरल्या गावची हाय, असं बाप म्हनायचा. तूच का ती?”

मला वाटलं, झालं. बाई खोटं बोलणार नाहीत हे माहीत होतं.

“हो, मीच.”

म्हातारी म्हणाली, “म्हंजे देवाची नाय पोथी?”

बुवा तिच्यावर वैतागले. “पोथ्या काय आभालातून परतात? लिवनारा कोन तरी आसतोच. ते मेलेले आसतात. ही जिती हाय, येवरंच.”

म्हातारीने बाईंचा हात धरून पाहिला. “थंडगार हाय गो. च्या दे तिला, सुनंदा.”

वाचन झालं. उठताना बुवा म्हणाले, “समाप्तीला अर्थ तू सांग.”

“नको. तुम्ही सांगता तो ऐकायला आले मी.”

“ऐकलास. आता लिवनारीच बसलेय म्हटल्यावर मी कसा सांगू? पन येक. सांगशील तेवा या बायांकरं बगून सांग. आज सकाली सगल्या बांधावर माती टाकून आल्यात.”

परतीच्या वाटेवर नागोठणं आलं. बाई अचानक: “लवणाने उघडली असेल तर?”

२८ ऑगस्ट

प्रस्तावना लिहून झाली. शेवटचा परिच्छेद कोरा सोडलाय. आतापर्यंतचे अध्याय उतरवून झाले. सुनंदा सांगते, मी लिहितो. बाईंना रोज वाचून दाखवतो. त्या मध्येच “हे मी लिहिलं?” म्हणतात. एका ठिकाणी, “हे बरं आहे.” एका ठिकाणी, “हे फार लांबलंय, काप.” मी कापत नाही.

गंमत म्हणजे त्यांना आता शेवटाचं कुतूहल माझ्याहून जास्त. आज दोन्ही बाजूंनी वकिली केली. लवणाने दार उघडायला हवं, कारण तीन भाग आई बाहेर उभी आहे. बंद ठेवायला हवं, कारण भात फुलोऱ्यावर आहे. “तेव्हा मी तरुण होते. तरुणपणी मी उघडलंच असतं.” थोड्या वेळाने: “पण ताप होता. तापात माणूस दारं लावून घेतं.”

मी विचारलं, छापलेलं एक आणि सांगायचा अर्थ दुसरा, असं चालेल?

“बुवा इतकी वर्षं तेच करत असतील, तर तो माझ्याहून चांगला कादंबरीकार.” हसल्या. मग, “मला ते जमेल का, माहीत नाही. मी आयुष्यभर जे कोरलंय तेच वाचत आले.”

१ सप्टेंबर, रविवार

वामनरावांनी पेणला झेरॉक्सवाल्याला सांगून ठेवलंय, परवा दुकान उशिरापर्यंत उघडं ठेवील. हिराबाईही समाप्तीला येणार, कारखान्यातून अर्धा दिवस सुटी मिळाली. चतुर्थीच्या तोंडावर सुटी म्हणजे विशेषच.

सुनंदाने निरोप पाठवलाय: बाईंनी पुढे बसावं, पाटाजवळ, म्हणजे वाचताना तिला धीर येईल. बाई म्हणाल्या, “तिला कशाला धीर? तिला माहीत आहे काय लिहिलंय.”

२ सप्टेंबर, सोमवार

उद्या सकाळच्या गाडीने पेण, तिथून जीप. दुपारी चारला दोरा सोडून शेवटचा अध्याय. सुनंदा वाचणार, बाई अर्थ सांगणार. मग पुस्तक माझ्या हातात, झेरॉक्स, बुधवारी पुण्याचा माणूस येऊन मजकूर नेणार. पावसाचा अंदाज नाही. अमावास्येचं उधाण अजून लांब आहे, बुवांनी कळवलंय, बांध ठीक.

संध्याकाळी बाईंकडे. गोकुळाष्टमीचा उपास त्या कधी धरत नाहीत, पण आत्ता भरपूर जेवते म्हणाल्या, उद्या उपास. स्वतःच्याच कादंबरीसाठी?

“समाप्तीचा असतोच.”

अर्थ काय सांगणार, हे विचारायचं नाही असं ठरवून गेलो होतो. तरी विचारलं.

“आधी ती वाचू दे. मीही पहिल्यांदाच ऐकणार आहे. आणि ऐकताना सगळ्या बायका माझ्याकडे बघत असणार.” ताट पुढे ओढलं. “उपास अर्थ सांगून झाल्यावर सुटतो ना, की वाचन संपल्यावर? विचारून ठेव बुवांना.”

सकाळी गाडीआधी निरोप धाडतो.