शेवटच्या कडव्यातला एल्मर

नाहूर, रविवार

प्रिय अण्णा,

फोनवर तुम्ही मला धड बोलू देत नाही, म्हणून हे पत्र आपल्या प्रितमच्या हाती दहिसरला पाठवतेय. बसून वाचा. कालपासून माझे पाय जमिनीवर नाहीत!

आमच्या मुलुंडच्या ऑफिसात अमेरिकेतल्या एका ग्रंथालयाच्या जुन्या पुस्तिकांची यादी करायचं काम आलंय. शंभर वर्षांपूर्वी तिकडे गाणी अशी छापून विकत. त्यात एकाच प्रकाशकाची बावीस गाणी निघाली. वर गायिकेचा भला मोठा फोटो आणि गीतकार म्हणून प्रकाशकाचंच नाव. पण प्रत्येक गाण्याच्या शेवटच्या कडव्यात एल्मर नावाचा कुणीतरी डोकावतो. कुठे त्याची आगबोट चुकते, कुठे तो प्रेयसीच्या दाराशी शिंकत उभा. आमचा साहेब श्रेयस म्हणाला, असेल एखादं विनोदी पात्र. मी खुर्चीतून उठलेच! म्हटलं, अरे, हाच कवी आहे! आमच्या घरचं प्रत्येक भीमगीत असंच संपतं, शेवटच्या अंतऱ्यात तुमचं नाव, ‘भाऊराव म्हणे’. सगळे फिदीफिदी हसले. मी हट्टाने ग्रंथालयाला कळवलं.

काल उत्तर आलं. त्यांना त्याची पत्रं सापडली! एल्मर प्रॅट, बटणांच्या कारखान्यातला कारकून. एकोणिसाव्या वर्षी पहिलं गाणं, तेही शहरभर गाजलेलं. पुढे लोक नुसतं धृपद गाऊ लागले, शेवटचं कडवं कुणी म्हणेना, आणि गड्याने पस्तिशीत लिहिणंच सोडलं. आता बावीसही गाण्यांवर त्याचं नाव लागणार. तुमच्या पोरीमुळे! अख्ख्या ऑफिसला मी वडे चारले.

घरी येताना मात्र रडू आलं. अण्णा, मी सातवीत असताना घाटकोपरच्या जयंतीत तुमचं गाणं गायले. त्याचा शेवटचा अंतरा मंडळाने कापला, असं तुम्ही आजवर धरून बसलात. मंडळाच्या नंदकुमारकाकांशी बोलणं टाकलंत, गाण्यांची वही बांधून माळ्यावर ठेवलीत. मंडळाने नव्हता कापला. पुढच्या रांगेत माझ्या वर्गातल्या मुली बसल्या होत्या. त्या तुमच्या नावावरून मला चिडवायच्या. त्यांच्यासमोर ते नाव घ्यायची मला लाज वाटली आणि मीच तो गाळला. मग इतकी वर्षं तोंड शिवून बसले. काय ओरडायचं ते ओरडा. पण यंदाच्या जयंतीला मी तेच गाणं गाणार आहे. काकांना सगळं खरं सांगून आलेय. अडचण एकच, तो अंतरा मला आता आठवत नाही. वहीची गाठ सोडा, अण्णा, आणि लिहून पाठवा.

तुमचीच,
माधुरी