दोनदा दिलेली मुलगी

आई, परवा निकालाची नक्कल हातात आली. तू माझी आईच होतीस, हे मंठ्याच्या कोर्टाला अकरा वर्षांनी पटलं. तुला हसू आलं असतं. दत्तकाचा कागद तू केला होतास, सगळ्यांच्या सह्याही घेतल्या होत्यास, पण त्याची नोंदणी मात्र ‘करू की सावकाश’ म्हणता म्हणता राहूनच गेली. मोसंबीचं एक झाड पिवळं पडलं तर दोन तालुके पालथे घालणारी तू, आणि एवढ्या एका कागदासाठी तुला कचेरीची पायरी चढायला सवड मिळाली नाही. तू गेल्यावर सातबाऱ्यावर माझं नाव लावायला गेले, तर तुझ्या पुतण्यानं हरकत घेतली. त्याचं म्हणणं असं, की ही काकूच्या बहिणीची मुलगी, काकूनं सांभाळली एवढंच, दत्तकबित्तक काही झालेलं नाही.

त्याच्यावर राग धरायला मला कधी नीट जमलं नाही. तू विधवा झालीस तेव्हा त्यालाच तुझ्या मांडीवर बसवायचं, हे भावकीत ठरल्यात जमा होतं. घरात पुतण्या असताना मुलगी कोण दत्तक घेतं, असं गाव म्हणायचं. तू कुणालाही न विचारता जांबला धाकट्या बहिणीकडे गेलीस आणि तिच्या तीन मुलींतली मधली मागितलीस. जांबची आई तुझं बोलणं पुढे कितीतरी वर्षं सांगायची: “पोरगा घेतला तं शेतासाठी घेतला म्हणतीन. मला घरात बोलायला माणूस पाह्यजे.” बोलायला माणूस तुला मिळालं खरं, पण ते उलट बोलणारं निघालं.

खटला जमिनीचा होता, पण मला धास्ती वेगळीच होती. निकाल उलटा गेला असता तर कायद्यानं मी जांबचीच ठरले असते, आणि जांबच्यांनी तर मला देऊन टाकलं होतं. मग मी नेमकी कुणाची, हे मला पन्नाशीला आल्यावर नव्यानं शोधावं लागलं असतं. नवीन जालन्यात बियाण्यांच्या कंपनीत मी दिवसभर ओल्या कागदावर बी मांडून किती उगवलं ते बघत असते. तारखेच्या आदल्या दिवशी माझे आकडे हमखास चुकायचे.

आमच्या वकिलांनी पहिल्याच दिवशी समजावलं होतं. होम झाला नसला तरी चालतं, नोंदणी नसली तरी भागतं, पण आईवडिलांनी मूल दिलं आणि घेणारीनं ते घेतलं, हे डोळ्यांनी पाहिलेला माणूस हवा. कागदावरचे दोन्ही साक्षीदार वर गेलेले, जांबचे आईवडीलही गेलेले. उरली एकटी बांगड्यावाली चाची. मुलगी दत्तक घ्यायचा विधी गावात कुणाला ठाऊक नव्हता, म्हणून तू तुझाच एक काढला होतास: जांबच्या बांगड्या काढायच्या आणि इथल्या भरायच्या. त्यासाठी चाचीला टोपलीसकट ओसरीवर बसवलं होतं.

चाची नातवाच्या मोटारसायकलवर मागे बसून कोर्टात आली. तुझ्या पुतण्याच्या वकिलांनी विचारलं, “होम झाला होता का?”

“चूल पेटल्ती साहेब. पुरण शिजून राह्यल्तं.”

“मुलगी तर मांडीवरून उठून पळाली. जाऊन आईला बिलगली. मग दिली कुठे?”

“पळाल्ती. सहा वर्साचं लेकरू ते. मंग घेणाऱ्या बाई म्हणल्या, मी धरून ठेवणार न्हाई, परत द्या. मंग परत दिली. तुमी एक डावचं इचारून राह्यले साहेब, मी दोन डाव पाह्यलं. बिलकुल खरं सांगते.”

धरून ठेवायचं नाही, ही तुझी रीतच होती. नऊ वर्षांची असताना मी रुसून म्हणाले होते, मी माझ्या आईकडे जाते. तू मला मंठ्याच्या स्टँडवर घेऊन येतेस, तिकडे जाणारी गाडी दाखवतेस, आणि बाकावर भाकरीचं फडकं सोडतेस. “जायचं तं जा. पण रुसून, उपाशी जायचं न्हाई.” मी भाकरी खाते, पिठल्याचं बोट चाटते, गाडी निघून जाते. आपण चालत घरी येतो. त्यानंतर आपण दोघींनी तो विषय कधी काढला नाही.

निकालानंतर तुझा पुतण्या चहाला आला. बाग इतकी वर्षं तोच बघतो, खटला चालू असतानाही बघत होता. म्हणाला, “ताई, बराबर झालं म्हणायचं. आता बागेला पाणी कधी सोडायचं ते सांग. झाडं काही कोर्टासाठी थांबत न्हाईत.” मी म्हटलं, तुला कळतं तेव्हा सोड. त्याला बरं वाटलं, आणि मलाही.

हे पत्र मी निकालाच्या फाइलमध्येच ठेवणार आहे. एक गोष्ट मात्र तुला सांगायची राहिली. कोर्टात मला विचारलं, त्या दिवसाचं काय आठवतं. मी म्हणाले, लहान होते, आठवत नाही. मला सगळं आठवतं. पहिल्यांदा वडील ‘दे’ म्हणाले आणि जांबच्या आईनं मला उचलून तुझ्या मांडीवर ठेवलं. तेवढ्यानं कायद्याचं भागतं, असं वकील म्हणतात. पण तू ‘परत द्या’ म्हणालीस, तेव्हा जांबची आई पदर तोंडाशी धरून बसली होती. तिचे हात हललेच नाहीत. चाची टोपलीत मापाची बांगडी शोधत होती, तिनं मान वर केली तेव्हा मी तुझ्या मांडीवर होते. दुसऱ्यांदा मला कुणी दिलंच नाही, आई. माझी मी आले. एका हातात बांगड्या भरून झाल्या होत्या आणि दुसऱ्या हाताच्या तुझ्याजवळ बसून भरायच्या राहिल्या होत्या, म्हणून आले.