वाचून दाखवल्यावर सही

रेजिना, कॅनडा,
१२ एप्रिल २००९

तीर्थरूप बाबा,
अनुयाचा नमस्कार.

तुमचा खोकला थांबला का? आईचा काढा चालू असेलच. इथे अजून बर्फ आहे. काल घरमालक नंदकुमारकाकांबरोबर घरासमोरच्या ड्राइव्हवेवरचा बर्फ फावड्याने उपसला. काका म्हणाले, "एम.ए.चं माहीत नाही, पण ही डिग्री पक्की!"

प्रबंध सादर केला, बाबा. सर खूश आहेत. आपल्या घरातली पहिली बी.ए. आता एम.ए. होणार.

माझ्या प्रबंधातले ते एलिहू ब्रॅकवेल, दोनशे वर्षांपूर्वीचे अमेरिकेतल्या व्हर्मॉंटचे वकील, पुढे विधानसभेवर निवडून गेलेले. तुम्ही फोनवर विचारलं होतं, त्यांचं कॉलेज कुठलं? कुठलंच नाही. एका वकिलाच्या कचेरीत तीन वर्षं खरेदीखतांच्या नकला करत ते कायदा शिकले. तेव्हा तशीच रीत होती. अडाणी शेतकऱ्याला ते अख्खा कागद वाचून दाखवायचे, मगच त्याची खूण घ्यायचे. त्यांच्या डायरीत हे वाचलं आणि भंडाऱ्याच्या कोर्टासमोरचं तुमचं टाइपरायटरचं टेबल दिसलं. पक्षकार कितीही "बस जाईल जी" म्हणाला, तरी तुमचं एकच, "वाचून दाखवल्याशिवाय सही नाही. बसा."

विधानसभेत ब्रॅकवेलना कुणीतरी 'नकल्या' म्हणून हिणवलं. ते म्हणाले, "खरं आहे. ज्या कागदांवर तुम्ही नुसत्या सह्या केल्या, ते मी वाचलेत."

हे मी प्रबंधात मोठ्या अभिमानाने लिहिलं. लिहिताना मात्र मान वर होत नव्हती.

जूनमधल्या पदवीदानाला येऊ नका, प्रवास झेपणार नाही, असं मी तुम्हाला म्हणाले होते. तुम्ही लगेच "बरं बेटा" म्हणालात. कारण प्रवासाचं नव्हतं, बाबा. इथे आले त्या आठवड्यात घरमालकीण माधवीकाकूंनी विचारलं, वडील काय करतात? मी म्हणाले, वकील आहेत. तुम्ही आला असतात तर ते खोटं उघडं पडलं असतं.

परवा काकू नागपूरच्या फ्लॅटचे कागद घेऊन खाली बेसमेंटमध्ये, माझ्या खोलीत आल्या. "अगं, तुझ्या बाबांना जरा बघायला सांग ना. वकिलाची नजर वेगळी असते."

मी म्हणाले, "काकू, मी खोटं बोलले. ते वकील नाहीत. कोर्टाबाहेर टायपिंग करतात. तीस वर्षं."

काकूंनी कागद माझ्या टेबलावर ठेवले. मग म्हणाल्या, "खोटं बोललीस ते वाईटच. पण कागद त्यांनाच दाखव. आमच्या वकिलाने तर हे उघडूनही पाहिले नसतील!" आणि जाता जाता, "ते येणार असतील तर वरची खोली रिकामी आहे."

व्हिसासाठी लागणारं निमंत्रणपत्र सोबत पाठवते आहे. त्यात वडिलांच्या व्यवसायासमोर मी लिहिलं आहे, टंकलेखक. तुम्हाला माझा राग आला असेल तर इथे येऊन रागवा. पण या. आईलाही आणा. टोपी-झगा घालून मी स्टेजवर जाईन तेव्हा खाली तुम्ही दोघं दिसायला हवेत.

हे पत्र आत्ता मोठ्याने वाचून काढलं, पहिल्या ओळीपासून. आता सही करते.

वरील मजकूर खरा आहे.

तुमची,
अनुया अरविंद मेंढे
टंकलेखकाची मुलगी