अजून कमी

प्रिय दादा,

पत्र बघून तू घाबरशील, म्हणून आधीच सांगते, बाबा बरे आहेत. सकाळी फिरायला जातात, पेपर वाचताना चिडतात आणि घरी येणाऱ्या प्रत्येकाचे आधी दात बघतात, मग तोंड. जन्मभर लोकांच्या कवळ्या बनवल्यावर माणसाचं दुसरं काय होणार! परवा टीव्हीवर कोणी पुढारी भाषण करत होता, तर म्हणाले, "वरची कवळी सैल आहे ह्याची, म्हणून एवढा तोलून मापून बोलतोय." तेव्हा त्यांची काळजी करू नकोस. फोनवर तू विचारतोस, "काय टिल्ली, कशी आहेस?" मी म्हणते, "मजेत." मग वहिनी फोन घेते, मागे तुझ्या लेकीचा, मनीचा दंगा सुरू होतो आणि माझं सांगायचं राहूनच जातं. म्हणून आज दार लावून लिहायला बसले आहे. बाबांना वाटतंय मी काम करते आहे.

तू बोटीवर नोकरीला गेलास तेव्हा मी शाळेत होते, त्यामुळे मधलं बरंचसं तुला तुकड्यातुकड्यांनीच कळलं असणार. आईने आपल्या दोघांना पियानोवर बसवलं. तू इंजिनं आणि पान्यांकडे पळालास, मी अडकले. पण अडकले म्हणजे आनंदाने अडकले. पाय पेडलपर्यंत पोचत नव्हते तेव्हापासून मला त्या स्टुलावरच बरं वाटायचं. आई गेल्यावर मात्र त्या खोलीत पाऊल टाकवेना. पियानोवर चादर घातली आणि सिनेमाच्या शाळेत नाव घातलं. तुला वाटलं, पोरीला सिनेमाचं वेड लागलं. वेड वगैरे काही नव्हतं रे. जिथे आईने काही शिकवलेलं नाही अशा जागी मला जायचं होतं, एवढंच.

तिथे मी मन लावून शिकले. कॅमेरा धरायला शिकले, रात्ररात्र जागून फिल्मची कापाकापी शिकले. शेवटच्या वर्षी माझा स्वतःचा सिनेमा केला. एक बाई रोज आपल्या नवऱ्याचं बंद पडलेलं दुकान उघडते, झाडते, काउंटर पुसते आणि संध्याकाळी कुलूप लावून घरी जाते. गिऱ्हाईक येत नाही, बाई बोलत नाही. मला ते फार खोल वाटलं होतं. संगीत द्यायला कोणी मिळालं नाही म्हणून घरी येऊन चादर काढली आणि मीच काहीतरी वाजवलं. डाव्या हातात एकच सूर धरून ठेवलेला, उजव्यात चार सुरांची एक छोटी चाल, पुन्हा पुन्हा, दर वेळी एवढीशी वेगळी. खेळ झाला तेव्हा मागच्या रांगेतले दोघे झोपले होते. आमचे संकलनाचे सर बाहेर भेटले, खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "मी निम्म्यापासून डोळे मिटून बघितला. फार सुंदर आहे." दादा, ते चेष्टा करत नव्हते. ते खरंच सांगत होते, म्हणून तर जास्त लागलं. मी बाथरूममध्ये जाऊन रडले आणि तोंड धुऊन बाहेर आले तर आमच्या वर्गातला काड्या दारात उभा. इतका बारीक की कॅमेऱ्याच्या स्टँडशेजारी उभा राहिला तर कोण स्टँड ते कळू नये. म्हणाला, "रडून झालं असेल तर माझ्या सिनेमाला संगीत दे."

तिथून मी वळले. दिग्दर्शक म्हणून मी सुमारच होते. ते मान्य करायला वेळ लागला, पण केलं, आणि त्यानंतर जे दिवस आले ते माझ्या आयुष्यातले सगळ्यात चांगले. चित्र कुठे थांबतं, माणूस मान कधी वळवतो, कट कुठे पडणार हे मला आतून कळायचं, कारण तेच तर शिकले होते. काड्या शेजारी बसून ऐकायचा आणि म्हणायचा, "अजून कमी." मी एक सूर काढायचे. "अजून कमी." आणखी एक. "अगं, ती बाई रडतेच आहे, तू कशाला रडतेस?" मी चिडून हात मांडीवर ठेवायचे आणि म्हणायचे, "घे, आता काहीच वाजवत नाही." तो म्हणायचा, "हां, आता जवळ आलीस." त्याचा सिनेमा थिएटरात लागला तेव्हा मी बाबांना घेऊन गेले. माझे ते चार सूर सुरू झाले आणि पुढच्या रांगेतल्या एका अनोळखी बाईने हळूच चष्मा काढून डोळे पुसले. मी पडद्याकडे बघितलंच नाही, तिच्याकडेच बघत बसले. बाहेर पडल्यावर बाबा म्हणाले, "चांगलं होतं, पण तू कधी सुरू झालीस आणि कधी थांबलीस ते कळलं नाही." मी त्यांना भर रस्त्यात मिठी मारली. ते म्हणाले, "अगं, मी तक्रार करतोय."

मग ती मालिका आली, तुम्ही सगळ्यांनी पाहिलीत ती. निर्मात्याला सगळ्या भागांना एकच चाल हवी होती, प्रसंगाप्रमाणे किंचित बदललेली. असं काम लोक कॉम्प्युटरवर करतात. एकदा वाजवायचं आणि हवं तेवढं चिकटवत जायचं. मी तसं करून पाहिलं, पण मशीनने तेच ते वाजवलं की मढ्यासारखं वाटायचं. हाताने वाजवलं की प्रत्येक वेळी सूर श्वास घेऊन येतो. म्हणून मी सगळं हाताने वाजवलं. सकाळी स्टुडिओत शिरायचे, जाड दार बंद व्हायचं, समोर पडद्यावर प्रसंग आणि हाताखाली ते चार सूर. हेडफोन काढायचे तेव्हा बाहेर ऊन उतरलेलं असायचं. एका जागी सूर जरा दबला की पुन्हा पहिल्यापासून. एक हंगाम झाला, लोकांना आवडला, दुसरा आला, तिसरा आला. मला कधी कंटाळा आला नाही. खोटं कशाला बोलू, त्या खोलीत मला आईजवळ बसल्यासारखं वाटायचं.

तिसऱ्या हंगामात उजव्या हाताची करंगळी आत वळायला लागली. आधी वाटलं, दमली असेल. गरम पाण्यात हात बुडवला, मलम लावलं, चार दिवस सुट्टी घेतली. सुट्टी संपवून पट्टीवर हात ठेवला की करंगळी आपली तळव्याकडे, गोगलगाय शंखात शिरते तशी. गंमत म्हणजे दुसरीकडे कुठेही काही नाही. सुईत दोरा ओवता येतो, बटाटे सोलता येतात, हे माझं अक्षर बघ, शाळेत असतानाही इतकं सुबक नव्हतं. हाडांच्या डॉक्टरांनी फोटो काढले आणि म्हणाले, "हात छान आहे, टेन्शन घेऊ नका." शेवटी मज्जातंतूंच्या डॉक्टरीणबाईंनी मला एका जुनाट कीबोर्डवर वाजवायला लावलं आणि बराच वेळ माझा हात बघत राहिल्या. म्हणाल्या, "हाताला काही झालेलं नाही. मेंदूत प्रत्येक बोटाची वेगळी जागा असते. तुमच्या दोन बोटांच्या जागा एकमेकींत मिसळल्यात. आता मेंदूला ती दोन बोटं वेगळी कळतच नाहीत." मी विचारलं, "कशामुळे?" तर म्हणाल्या, "तेच ते फार वेळ केल्यामुळे. सगळ्यांना होत नाही. कोणाला होणार हे आधी सांगता येत नाही." मी विचारलं, "बरं कधी होणार?" त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला आणि मला म्हणाल्या, "अजून काही करता का तुम्ही, संगीताशिवाय?"

मी कोणाला बोलले नाही. करंगळी येत नाही तर करंगळीचा सूर काढून टाकला. चारांचे तीन झाले. तो हंगाम बाहेर आला आणि लोक म्हणाले, काय संयम आहे! एका मुलाखतीत एका मुलीने विचारलं, "इतक्या कमी सुरांत तुम्ही इतकं सगळं कसं सांगता?" मी हसले. ती म्हणाली, "हे हसणंसुद्धा किती थोडक्यात." मग शेजारचं बोट गेलं. तिनांचे दोन झाले. त्या दोन सुरांवर कोणीतरी एक मोठा लेख लिहिला, बाबांनी तो कापून फ्रिजवर लावलाय. रोज दूध काढताना मी तो बघते.

इलाज केले नाहीत असं समजू नकोस. हाताच्या स्नायूत औषधाच्या सुया टोचून घेतल्या, तर बोट वळायचं थांबलं आणि लुळं पडलं. एका बाईंकडे लहान मुलीसारखी पहिल्या धड्यापासून शिकायला बसले, एकेक बोट हळूहळू उचलायचं. वर्ष गेलं. काड्या म्हणाला, "तू नुसतं सांग, दुसरा कोणीतरी वाजवेल." खरंच एकाला बसवलं, हात काय सुरेख होते त्याचे. त्याने विचारलं, "पुढे काय वाजवू?" आणि मला सांगता येईना. कारण पुढचा सूर मला कधीच माहीत नसायचा, बोट तिथे जाऊन पडलं की कळायचा. तो बिचारा पट्ट्यांवर हात ठेवून वाट बघत राहिला. शेवटी मी म्हटलं, "आज पुरे." त्याला पुन्हा बोलावलं नाही. काड्या आता दुसऱ्याकडून संगीत करून घेतो. मला राग नाही, त्याने किती दिवस थांबायचं? तू म्हणशील, पुन्हा सिनेमा कर. कॅमेरा हातात घेऊन पाहिला, दादा. सगळं नीट दिसतं, फोकस नीट, उजेड नीट, आणि दाखवायला काही नाही. सध्या मी एका कंपनीत परक्या भाषेतल्या मालिकांखाली येणारी वाक्यं तपासते. डाव्या हाताने माउस चालवते, तशी गरज नाही, पण उजव्याला कामाला लावावंसं वाटत नाही.

मालिकेचा नवा हंगाम सुरू झालाय, तुला माहीतच असेल. त्यात माझं नाव आहे, पण मी एक सूरही वाजवलेला नाही. माझ्या जुन्या रेकॉर्डिंगवर मालिकेच्या कंपनीचा हक्क आहे, त्यांचे तुकडे करून कोणीतरी जोडलेत. चांगले जोडलेत. बाबा ऐकत होते, म्हणाले, "ह्या वेळी मस्त वाजवलंस." मी म्हटलं, "हो." त्यांना हे काही माहीत नाही आणि तूही सांगू नकोस. पियानोवर पुन्हा चादर आहे. त्यांना वाटतं, मी स्टुडिओत इतकं वाजवते की घरी नको वाटत असेल.

आता ज्याच्यासाठी लिहायला बसले ते. मागच्या महिन्यात तू मनीचा व्हिडिओ पाठवलास, त्यावर मी काही कळवलं नाही म्हणून वहिनी नाराज झाली असेल. तू लिहिलं होतंस, "आत्याची चाल एकटीने ऐकून बसवली. शाळेतून आली की तेच. जेवायला हाका मारून थकतो, उठतच नाही." दादा, ती फार सुंदर वाजवते. त्या वयात मला असं येत नव्हतं. ती सूर सोडून देताना जरा थांबते ना, ते तिला कोणी शिकवलेलं नाही, ते शिकवता येतच नाही. एकदा ऐकलं, मग आवाज बंद केला आणि नुसता तिचा उजवा हात बघितला. पुन्हा पुन्हा बघितला. अजून सगळी बोटं सरळ आहेत. तिला होईलच असं नाही, डॉक्टरीणबाईंना फोन करून विचारलं, त्याही म्हणाल्या, घाबरवू नका मुलांना. पण मी कशी गप्प बसू? तिला दुसरं काहीही वाजवू दे, रोज वेगळं वाजवू दे, मध्येच उठून खाली खेळायला पळू दे, पण माझी चाल तिच्याकडून काढून घे. समजावून सांगितलंस तर ऐकायची नाही, आपल्यापैकी कोणी ऐकलंय? म्हणून तिला सांग, आत्याला ती चाल आवडत नाही. सांग, आत्या म्हणाली, ही चाल वाईट आहे, पुन्हा वाजवलीस तर मी बोलणार नाही. ती रडेल, माझ्यावर रुसेल, कदाचित कायमची. रुसू दे. ती चाल मनापासून वाजवणारं आता तिच्याशिवाय कोणी उरलेलं नाही, हे मला कळतं, आणि तरीही मागते आहे. ती आत्ता वाजवत असेल तर हे खाली ठेव, आत जा आणि तिला उठव.

तुझीच,
टिल्ली