लिनच्या आईचं लग्न

रविवार संध्याकाळ, चँडलर

लिनची आई लग्न करतेय, अडुसष्टाव्या वर्षी. दुपारी लिन हेच सांगायला घरी आली. सात वर्षं आम्ही ऑफिसात एकाच टीममध्ये आहोत, पण तिला रडताना आज पहिल्यांदा पाहिलं.

तिचे वडील जाऊन चार वर्षं झाली. चीनमध्ये आई एकटीच असते. रोज संध्याकाळी बागेत सगळे मिळून नाचतात, तिथेच हे गृहस्थ भेटले. व्हिडिओ कॉलवर आई म्हणाली, "परवानगी मागत नाहीये, कळवतेय." आणि नाचायचे नवे लाल बूट दाखवले.

"लोक काय म्हणतील, असं मीच म्हणाले तिला. अमेरिकेत राहून," लिन म्हणाली. मग डोळे पुसले आणि माझ्यासमोरच लग्नाला जायचं तिकीट बुक केलं.

केवढं कौतुक वाटतंय त्या बाईचं. ते लाल बूट डोळ्यांसमोरून जात नाहीत. आणि लिनचंही कौतुक. मी इतक्या लवकर बदलले असते?

ती गेल्यावर नागपूरला फोन लावला. तिकडे सकाळ, आई विहारात निघालेली. बाबा गेले तेव्हा ती अडतीस वर्षांची होती. आजवर कधी विचारलं नव्हतं, आज विचारलं, "आई, तुला पुन्हा लग्न करावंसं नाही वाटलं?"

"एकाने विचारलं होतं गं. तू दहावीला होतीस."

"मग?"

"ते घरी आले की तू आतल्या खोलीचं दार लावून बसायचीस."

ते दार मला आठवतंय. त्यांचा चेहरा काही केल्या आठवत नाही.