दगडावर आधी रतीबाचे नाव

मंगळवार, ९ मे २००६. आज माझ्या पत्नीचा चाळिसावा. सकाळी कबरस्तानात कुराणपठण झाले, फितीरच्या तुपाळ पोळ्या वाटल्या. घरी येऊन भाकरी आणि मुलुखियाची पालेभाजी खाल्ली. दुपारी दोघा साक्षीदारांना बोलावून हे लिहायला घेतले.

मी फिक्री शलबी दरवीश, वय एकाहत्तर, राहणार शुब्रा, कैरो, व्यवसाय सिनेनट. डोके ठिकाणावर आहे, हात थरथरत नाही, कोणी भरीस घातलेले नाही. माझ्यामागे पुढीलप्रमाणे व्हावे.

१. घरातले वारसांचे हिस्से कायद्याने ठरलेले आहेत. त्यात मी हात घालत नाही. माझ्या इच्छेने देता येतो तो एकतृतीयांश हिस्सा तेवढा कलम चारप्रमाणे.

२. माझी पत्नी रतीबा हिचे शिवणयंत्र आणि अकरा पांढरे सदरे स्टुडिओच्या कपडेपटाला. भुताच्या आणि खुनाच्या मिळून ब्याण्णव चित्रपटांत मी मेलो, तो याच सदऱ्यांत. रक्ताच्या पिशवीसाठी प्रत्येकात तिने चोरकप्पा शिवला आहे. रक्तही तीच करी. करकदेच्या लाल फुलांचा काढा, त्यात काकवी. लिंबू विसरू नये, नाहीतर रक्त जांभळे दिसते.

३. काड्यापेटीतला माझा दात नायक नबील अल-गवहरी यांना घरपोच द्यावा. पडद्यावरच्या मारामारीत त्यांनी खरा ठोसा लगावला आणि म्हणाले, "मेलेल्या माणसाला कसलं आलंय दुखणं?" सोबत चिठ्ठी नको.

४. त्या एकतृतीयांश हिश्शातून कबरीचा दगड करावा. त्यावर काय कोरायचे ते सविस्तर लिहितो, कारण यावरूनच घरात वाद आहे.

इतकी वर्षे मरत आल्यामुळे गल्लीत मला 'मरहूम' म्हणतात, म्हणजे दिवंगत. रतीबा गेली तेव्हा बाईचे नाव भोंग्यावर घ्यायचे नाही म्हणून मशिदीच्या शेख नगातींनी रीतीप्रमाणे नवऱ्याचे नाव, तेही गल्लीच्या सवयीने, पुकारले, "मरहूम फिक्री दरवीश यांच्या घरचा जनाजा." लोकांना वाटले, मीच गेलो. सगळा शुब्रा लोटला, स्टुडिओतले दिवेवाले, स्टंटवाले आले. खुर्च्या तीन कहवाखान्यांतून आणाव्या लागल्या. मांडवाच्या दाराशी मी उभा.

"या अल्ला! हा उठला की!"

"दिग्दर्शक 'कट' म्हणाला असेल."

एक म्हातारी माझा हात धरून रडू लागली. "बाबा रे, शुक्रवारीच टीव्हीवर तुला विहिरीत ढकललं. मी जेवले नाही त्या दिवशी."

सगळे हसले, मीही हसलो. मग शेखांच्या हातातून माइक घेतला. सिनेमात मला एका ओळीपेक्षा जास्त कधी मिळाले नव्हते. म्हणालो, "मी जिवंत आहे. गेली ती रतीबा हसन शाहीन. माझं सगळं रक्त तिनं केलं." मग मागून एकाने म्हटले, "रतीबा हसन शाहीनवर अल्लाची रहमत असो." मग सगळ्यांनी म्हटले, रस्त्यावर उभे होते त्यांनीही.

पुतण्या लुत्फी चिडला होता. घराण्याच्या कुलूपबंद कबरीची किल्ली त्याच्याकडे असते. आज जेवताना म्हणाला, "काका, भर मांडवात बाईचं नाव? झालं ते झालं. दगडावर 'फिक्रींची पत्नी' पुरे."

मी म्हणालो, "लुत्फी, पडद्यावर मी 'दुसरा चोर' होतो, 'पहारेकरी' होतो, 'विहिरीतला माणूस' होतो. बिननावाचं मरण कसं असतं ते मला विचार."

त्याने ताट बाजूला सारले. मग म्हणाला, "अक्षरं मोठी हवीत ना?"

तर दगडावर वर, मोठ्या अक्षरांत: रतीबा हसन शाहीन. मी गेल्यावर खाली, लहान अक्षरांत: सोबत, फिक्री दरवीश.

हे मी वाचून दाखवले, दोघांनी ऐकले, आणि त्यांच्यासमोर सही केली.

(सही) फिक्री शलबी दरवीश

साक्षीदार: लुत्फी अब्दुल मुइझ शलबी दरवीश
साक्षीदार: शेख नगाती बदरान. सही करताना म्हणाले, "नाव मीच पुकारायला हवं होतं."

शुब्रा, कैरो. वरील तारीख.

साक्षीदार गेले. दगडवाल्याचे दुकान सहापर्यंत उघडे असते. तिचे नाव एका कागदावर सुट्या अक्षरांत लिहिले, घडी करून खिशात ठेवले, आणि दाराला कुलूप लावले.